मोबाइलवरचा गेम टीव्हीवर कसा खेळायचा: केबल, वाय-फाय आणि कंट्रोलर

फोनची स्क्रीन टीव्हीवर आणणं आता दोन मिनिटांचं काम आहे. खरा प्रश्न पुढचा असतो: बोट लावल्यापासून टीव्हीवर हालचाल दिसेपर्यंत किती वेळ जातो? गेम नीट खेळता येणार की नुसता बघता येणार, हे त्या उशिरावर ठरतं. त्यामुळे केबल घ्यायची की वाय-फायवर भागवायचं, टीव्हीत काय बदलायचं, कंट्रोलर लागेल का, हे सगळे निर्णय उशीर डोळ्यांसमोर ठेवून घ्या.

उशीर कुठून येतो ते आधी पाहू. वायरलेस मिररिंगमध्ये, म्हणजे फोनची स्क्रीन जशीच्या तशी वाय-फायने टीव्हीवर दाखवताना, फोन स्वतःच्या स्क्रीनवरचं प्रत्येक चित्र आकसून त्याचा व्हिडिओ बनवतो, तो वाय-फायवरून पाठवतो, टीव्ही तो उलगडतो आणि मग स्वतःचे रंग-धार-गुळगुळीतपणाचे संस्कार करून दाखवतो. या प्रत्येक टप्प्यावर थोडा वेळ जातो. सगळं धरून साधारण १०० ते ३०० मिलिसेकंद होतात. आकडा छोटा वाटतो, पण रेसिंग गेममध्ये ताशी २०० किलोमीटरने धावणारी गाडी १५० मिलिसेकंदांत आठ मीटरांहून जास्त पुढे गेलेली असते. टीव्हीकडे बघून वळण घेतलं, तर तुम्ही आठ मीटर मागचं दृश्य बघून वळवत असता. टाइप-सी पोर्टमधून थेट टीव्हीला जाणाऱ्या केबलमध्ये आकसण्या-उलगडण्याचा टप्पाच नसतो, म्हणून फोनकडून होणारा उशीर जवळपास जाणवत नाही. उरतो तो फक्त टीव्हीचा.

आधी गेम बघा

बुद्धिबळ, लुडो, कॅरम, पत्ते, शब्दकोडी, शेती किंवा शहर वसवण्याचे गेम यांना वायरलेस मिररिंग पुरतं. चाल अर्ध्या सेकंदाने दिसली तरी काही बिघडत नाही. चार जणांनी मिळून खेळायला तर हे फारच छान, कारण सगळ्यांना पट एकदम दिसतो.

रेसिंग, फुटबॉल, क्रिकेट, उड्या मारत पुढे जायचे गेम यांना केबल हवी. वायरलेसवर ते चालतात, पण टीव्हीकडे बघून खेळल्यास फटका किंवा उडी सतत चुकते.

नेमबाजीचे ऑनलाइन गेम आणि तालावर बोट मारायचे गेम टीव्हीकडे बघत खेळायचे असतील तर केबल आणि टीव्हीचा गेम मोड (टीव्हीचा स्वतःचा उशीर कमी करणारं सेटिंग, ते पुढे येतं) दोन्ही लागतात. तालाच्या गेममध्ये तर वायरलेसचा विचारच करू नका. चित्र उशिरा, आवाज आणखी वेगळ्या उशिराने, आणि ताल पूर्ण हातातून जातो.

आणखी एक गोष्ट गेमच्या मांडणीची. आडवा गेम टीव्हीवर चांगला भरतो. आजचे बरेच फोन २०:९ प्रमाणाचे आहेत आणि टीव्ही १६:९, त्यामुळे १९२० बाय १०८० च्या टीव्हीवर चित्र १९२० बाय ८६४ एवढं येतं आणि वर-खाली १०८ पिक्सेलची काळी पट्टी राहते. हा दोष नाही, त्याच्या मागे लागू नका. टीव्हीचा 'झूम' वापरून पट्टी घालवली तर कडेची बटणं आणि आकडे कापले जातात. उभा गेम मात्र टीव्हीच्या जेमतेम पाव रुंदीत मावतो. तो दुसऱ्यांना दाखवायला ठीक, खेळायला फोनच बरा.

फोनला कुठली वाट उपलब्ध आहे

वायरलेसच्या तीन पद्धती चालतात आणि त्या एकमेकींशी बोलत नाहीत. बहुतेकांची पहिली अडचण इथेच येते: फोन एका पद्धतीने शोधतोय, टीव्ही दुसऱ्या पद्धतीने वाट बघतोय.

मिराकास्ट ही वाय-फाय अलायन्सने २०१२ मध्ये आणलेली पद्धत. फोन आणि टीव्ही राउटरला वगळून थेट एकमेकांना जोडले जातात. सॅमसंग, शाओमी, ओप्पो, विवो, रिअलमी अशा बहुतेक अँड्रॉइड फोनमध्ये ती आहे. सॅमसंगमध्ये तिचं नाव 'स्मार्ट व्ह्यू', इतरत्र 'कास्ट', 'स्क्रीनकास्ट', 'वायरलेस डिस्प्ले' असं काहीबाही असतं. गूगलच्या पिक्सेल फोनमध्ये मिराकास्ट नाही, आयफोनमध्येही नाही.

गूगल कास्ट म्हणजे क्रोमकास्टची पद्धत. क्रोमकास्ट डोंगल (टीव्हीच्या एचडीएमआयला लावायचं छोटं उपकरण), गूगल टीव्ही आणि अँड्रॉइड टीव्ही यांच्यात ती असते. इथे फोन आणि टीव्ही एकाच वाय-फाय नेटवर्कवर असायला हवेत. पिक्सेलवाल्यांची वायरलेस वाट हीच.

एअरप्ले ॲपलची. आयफोन, आयपॅड यांच्यासाठी. ॲपल टीव्हीच्या डब्यात ती असतेच, शिवाय २०१९ पासून सॅमसंग, एलजी, सोनी यांच्या अनेक टीव्हींमध्ये आतच येते.

केबलचं गणित वेगळं. फोनचा टाइप-सी पोर्ट दिसायला सगळीकडे सारखाच असला, तरी चित्र बाहेर पाठवण्याची सोय प्रत्येकात नसते. त्या सोयीचं नाव डिस्प्लेपोर्ट ऑल्ट मोड. ती आहे की नाही हे फोनच्या तपशीलपत्रकात पोर्टच्या ओळीत बघायचं. अँड्रॉइड फोनच्या त्या ओळीत नुसतं 'यूएसबी २.०' लिहिलं असेल तर केबलने चित्र येणार नाही असं समजा. 'यूएसबी ३.१' किंवा '३.२' असेल तर शक्यता आहे, खात्री मात्र 'डिस्प्लेपोर्ट' किंवा 'व्हिडिओ आउटपुट' हे शब्द दिसल्यावरच. सॅमसंग गॅलेक्सी एस मालिकेत एस८ पासून (२०१७) ही सोय आहे. पिक्सेलमध्ये ८ व्या मालिकेपासून, तीही २०२४ च्या अपडेटनंतर. आयफोन १५ च्या (२०२३) चारही मॉडेलमध्ये आहे, आणि तिथे साध्या मॉडेलचा पोर्ट माहिती पाठवायला यूएसबी २ च्या वेगाचा असूनही चित्र बाहेर पडतं. त्याआधीच्या, 'लाइटनिंग' नावाचा ॲपलचा पोर्ट असलेल्या आयफोनना ॲपलचा लाइटनिंग डिजिटल एव्ही अडॅप्टर लागतो. तो १०८०पी पर्यंत चित्र देतो.

अडॅप्टर विकत घेण्याआधी हे तपासणं फार गरजेचं आहे. ऑल्ट मोड नसलेल्या फोनला कितीही महागडा टाइप-सी ते एचडीएमआय अडॅप्टर लावला तरी टीव्हीवर 'नो सिग्नल' हेच दिसणार. अडॅप्टर खराब नसतो, फोनकडे पाठवायला चित्रच नसतं.

केबलने जोडणी

लागणाऱ्या वस्तू: टाइप-सी ते एचडीएमआय अडॅप्टर, दोन ते तीन मीटरची एचडीएमआय केबल आणि फोनचा चार्जर. अडॅप्टर घेताना तीन गोष्टी बघा. एक, त्याला चार्जिंगसाठी वेगळा टाइप-सी पोर्ट हवा. त्यावर 'पीडी' लिहिलेलं असतं. दोन, '४के ६० हर्ट्झ' असं स्पष्ट लिहिलेलं हवं. स्वस्त अडॅप्टर '४के' एवढंच लिहितात आणि प्रत्यक्षात ३० हर्ट्झ देतात. ४के टीव्हीशी जोडल्यावर ते ३० वर बसतात, म्हणजे सेकंदाला ६० ऐवजी ३० चित्रं, आणि गेम ओढल्यासारखा दिसतो. तीन, तो टाइप-सी टोकाशी छोटी लवचिक वायर असलेला घ्या. थेट फोनला चिकटणारा ठोकळा खेळताना हलतो, आणि पोर्टवर जोर येतो.

१. टीव्ही चालू करून केबल एचडीएमआय पोर्टला लावा. कुठला पोर्ट ते लक्षात ठेवा. काही टीव्हींत एकाच पोर्टला पूर्ण वेगाची सोय असते. त्याच्याजवळ '४के ६०' किंवा '१२०' असं छापलेलं असतं. तो मोकळा असेल तर तोच वापरा.

२. रिमोटवरून त्या पोर्टचा इनपुट निवडा.

३. केबलचं दुसरं टोक अडॅप्टरला, मग चार्जर अडॅप्टरला, आणि सगळ्यात शेवटी अडॅप्टर फोनला लावा. या क्रमाने लावलं की फोनला टीव्हीची ओळख पहिल्याच वेळी पटते.

४. फोन अनलॉक करा. पिक्सेल विचारतो, मिरर करायचं का, होकार द्या. सॅमसंगवर कधी कधी 'डेक्स' नावाचा संगणकासारखा पडदा उघडतो. वरून नोटिफिकेशन खाली ओढा आणि 'स्क्रीन मिररिंग' निवडा. आयफोनवर काहीच करावं लागत नाही, चित्र आपोआप येतं.

५. चित्राच्या कडा कापल्या जात असतील तर टीव्हीच्या चित्र-आकाराच्या सेटिंगमध्ये जाऊन 'स्क्रीन फिट', 'जस्ट स्कॅन' किंवा 'फुल पिक्सेल' निवडा. नावं कंपनीगणिक बदलतात, काम एकच.

आवाज केबलमधूनच टीव्हीकडे जातो. फोनला ब्लूटूथ इअरफोन जोडलेले असतील तर तो तिकडे जाऊ शकतो, मग टीव्ही मुका राहतो. इअरफोनची जोडणी आधी बंद करा.

वायरलेस जोडणी

मिराकास्टसाठी आधी टीव्हीला तयार करावं लागतं. सॅमसंग आणि एलजीच्या टीव्हींवर बहुधा तो तयारच असतो. एलजीवर 'स्क्रीन शेअर' नावाचं ॲप उघडावं लागू शकतं. फायर टीव्ही स्टिकवर होम बटण दाबून धरा आणि 'मिररिंग' निवडा. मग फोनचा वरचा पडदा खाली ओढून 'स्मार्ट व्ह्यू' किंवा 'कास्ट' दाबा, यादीत टीव्हीचं नाव आलं की निवडा. टीव्हीवर परवानगी किंवा पिन मागितला तर द्या. फायर टीव्हीवर तो 'मिररिंग'चा पडदा उघडा असेपर्यंतच फोनला नाव दिसतं, हे विसरू नका.

गूगल कास्टसाठी फोन आणि टीव्ही एकाच वाय-फायवर आणा. गूगल होम ॲप उघडा, टीव्हीवर टिचकी द्या, 'कास्ट माय स्क्रीन' निवडा. बऱ्याच फोनवर हेच बटण वरच्या पडद्यात 'स्क्रीन कास्ट' नावाने मिळतं. नवीन अँड्रॉइड आवृत्त्या विचारतात, पूर्ण स्क्रीन दाखवायची की एकच ॲप. 'एकच ॲप' निवडलं तर बाकीच्या नोटिफिकेशन टीव्हीवर जात नाहीत, म्हणून पर्याय दिसत असेल तर तोच घ्या.

आयफोनवर कंट्रोल सेंटर उघडून एकावर एक दोन चौकोनांचं चिन्ह दाबा, टीव्ही निवडा, टीव्हीवर दिसलेला चार आकडी कोड टाका. फोन आडवा करूनही चित्र उभंच राहिलं तर रोटेशनचं कुलूप उघडं आहे का बघा.

आता यातला खरा मुद्दा: वायरलेसमध्ये उशीर पूर्ण जात नाही, पण अडखळणं बरंच कमी करता येतं.

कास्ट आणि एअरप्लेमध्ये चित्र फोनकडून राउटरकडे आणि राउटरकडून टीव्हीकडे जातं. दोन्ही प्रवास हवेतून होत असतील तर एकच वाट दोनदा वापरली जाते. टीव्ही लॅन केबलने राउटरला जोडला की अर्धा प्रवास तारेवर जातो आणि फरक लगेच दिसतो. टीव्हीचा लॅन पोर्ट १०० एमबीपीएसचाच असतो असं पुष्कळदा आढळतं. मिररिंगला तेवढा भरपूर आहे. ते जमत नसेल तर निदान दोन्ही उपकरणं ५ गीगाहर्ट्झच्या नेटवर्कवर आणा. २.४ गीगाहर्ट्झवर शेजारपाजारची सगळी वाय-फाय, ब्लूटूथ आणि मायक्रोवेव्ह यांची गर्दी असते. मात्र ५ गीगाहर्ट्झ भिंतीतून नीट जात नाही, त्यामुळे राउटर त्याच खोलीत असला पाहिजे.

मिराकास्टमध्ये एक वेगळीच अडचण येते आणि तिचं कारण सहसा कोणाच्या लक्षात येत नाही. फोनमधला वाय-फायचा रेडिओ टीव्हीशी एका चॅनलवर आणि राउटरशी दुसऱ्या चॅनलवर बोलत असेल, तर त्याला सतत दोन्हींमध्ये उड्या माराव्या लागतात. मग चित्र दर काही सेकंदांनी थबकतं आणि ऑनलाइन गेमचा पिंग (सर्व्हरकडून उत्तर यायला लागणारा वेळ) उसळतो. उपाय: फोनचं वाय-फाय चालूच ठेवा, पण राउटरच्या नेटवर्कमधून बाहेर पडा आणि गेमचं इंटरनेट मोबाइल डेटावर घ्या. आता वाय-फायचा रेडिओ फक्त टीव्हीसाठी मोकळा होतो. ऑफलाइन गेम असेल तर डेटाचीही गरज नाही.

फोनला केबलची सोय नाही, पण लॅपटॉप आहे

ही वाट फार कमी जणांना माहीत असते, आणि साध्या अँड्रॉइड फोनसाठी ती वायरलेसपेक्षा पुष्कळ चांगली आहे. फोन यूएसबी केबलने लॅपटॉपला, लॅपटॉप एचडीएमआयने टीव्हीला, आणि मध्ये एक मोफत, मुक्त स्रोत प्रोग्रॅम: एस-सी-आर-सी-पी-वाय अशी त्याच्या नावाची अक्षरं आहेत, उच्चार 'स्क्रीन कॉपी' असा करतात. त्याचा उशीर ३५ ते ७० मिलिसेकंद असल्याचं ते बनवणारे सांगतात.

फोनच्या सेटिंगमध्ये 'अबाउट फोन'मध्ये जाऊन 'बिल्ड नंबर'वर सात वेळा टिचकी मारा. काही कंपन्यांच्या फोनवर हीच टिचकी आवृत्तीच्या ओळीवर मारावी लागते. त्याने 'डेव्हलपर ऑप्शन्स' उघडतात. तिथे 'यूएसबी डीबगिंग' चालू करा. फोन लॅपटॉपला जोडल्यावर फोनवर परवानगीची चौकट येईल, ती मान्य करा. मग लॅपटॉपवर प्रोग्रॅम सुरू केला की फोनची स्क्रीन खिडकीत दिसते. ती टीव्हीच्या पडद्यावर ओढून पूर्ण आकाराची करा. आवाज यायला अँड्रॉइड ११ किंवा पुढची आवृत्ती लागते. केबल चार्जिंगपुरतीच असेल तर लॅपटॉपला फोन दिसणारच नाही. डेटा जाणारी केबल घ्या. ही पायरी पुष्कळ जणांना उगीच तासभर अडकवते.

टीव्हीचा गेम मोड

तुम्ही केबल लावली, तरी टीव्ही स्वतः उशीर करू शकतो. चित्र सुधारण्याच्या प्रक्रियेमुळे अनेक टीव्ही ५० ते १५० मिलिसेकंद खातात. 'गेम मोड' चालू केला की त्यातली बहुतेक प्रक्रिया बंद होते आणि चांगल्या टीव्हीवर हा आकडा १० ते २० पर्यंत येतो. रंग थोडे फिके वाटतील, ते तसेच राहू द्या.

गेम मोड चित्राच्या सेटिंगमध्ये असतो आणि बहुतेक टीव्हींवर तो त्या त्या इनपुटपुरताच लागू होतो. म्हणून फोनचं चित्र टीव्हीवर दिसत असताना, त्याच इनपुटवर असतानाच तो चालू करा. टीव्हीच्या आतल्या मिररिंगवर पुष्कळदा गेम मोड मिळतच नाही. तिथे निदान 'मोशन स्मूदिंग' नावाची गोष्ट बंद करा. सॅमसंगवर 'पिक्चर क्लॅरिटी', एलजीवर 'ट्रूमोशन', सोनीवर 'मोशनफ्लो'. चित्रांच्या मध्ये बनावट चित्रं घालण्यासाठी टीव्हीला पुढच्या चित्राची वाट बघावी लागते, आणि तोच उशीर. एचडीएमआयला लावलेल्या डोंगलवर किंवा स्टिकवर मिररिंग घेतलं, तर त्या पोर्टचा गेम मोड लागू होतो. जुन्या टीव्हीच्या आतल्या मिररिंगपेक्षा हा मार्ग अनेकदा सरस ठरतो.

फोनची स्क्रीन ९० किंवा १२० हर्ट्झची असेल तर मिररिंगच्या वेळी ती ६० वर ठेवा. टीव्हीवर ६० च जाणार आहेत; जास्तीची चित्रं बनवून फोन फक्त तापतो.

उशीर मोजायचा कसा

अंदाजावर भांडत बसण्यापेक्षा मोजा. त्यासाठी दुसरा फोन लागतो, ज्यात २४० फ्रेमचा स्लो-मोशन व्हिडिओ घेता येतो.

खेळायचा फोन टीव्हीसमोर असा धरा की दोन्ही पडदे एकाच चौकटीत येतील. फोनवर काहीतरी एकदम बदलेल असं करा, उदाहरणार्थ गेमचा मेनू उघडा. दुसऱ्या फोनने २४० फ्रेमवर चित्रण करा. मग व्हिडिओ एकेक फ्रेम पुढे सरकवत बघा: फोनवर मेनू कुठल्या फ्रेमला दिसला, टीव्हीवर कुठल्या. प्रत्येक फ्रेम म्हणजे सुमारे ४.२ मिलिसेकंद. मध्ये ३६ फ्रेम गेल्या तर उशीर १५० मिलिसेकंद, १२ गेल्या तर ५०. चार-पाच वेळा मोजून सरासरी घ्या, कारण वायरलेसमध्ये आकडा हलतो. आमच्या मते ५० च्या आत असेल तर वेगवान गेम टीव्हीकडे बघून निवांत खेळा. ५० ते १०० मध्ये रेसिंग सरावाने जमतं. १०० च्या वर गेलं तर टीव्ही प्रेक्षकांसाठी ठेवा आणि तुम्ही फोनकडे बघा.

एक बदल करा, पुन्हा मोजा. गेम मोड चालू-बंद करून मोजला की त्याची किंमत एका मिनिटात कळते.

हात कुठे आणि डोळे कुठे

केबल उत्तम, गेम मोड चालू, उशीर नगण्य, तरीही टीव्हीकडे बघून खेळणं जड जातं. कारण काचेवरची बटणं बोटांना जाणवत नाहीत. फोनकडे बघताना डोळे बोटांना वाट दाखवत असतात. टीव्हीकडे बघायला लागलात की अंगठा बटणावरून सरकतो आणि तुम्हाला कळतही नाही. वेगवान गेम मोठ्या पडद्यावर खेळायचा तर कंट्रोलर लागतोच. थोडे पैसे खर्च करणार असाल तर आधी इथे करा.

आधी गेम कंट्रोलर मानतो का ते त्याच्या सेटिंगमध्ये बघा. 'कॉल ऑफ ड्यूटी: मोबाइल' आणि 'माइनक्राफ्ट' मानतात. स्क्रीनवरच्या स्पर्शाची नक्कल करणारी ॲप मिळतात, पण अनेक ऑनलाइन गेमच्या नियमांत ती बसत नाहीत आणि खातं बंद होण्याचा धोका असतो. ती टाळा.

जोडणी अशी: प्लेस्टेशन ४ च्या कंट्रोलरवर 'शेअर' आणि 'पीएस' बटण एकत्र दाबून धरा, दिवा भराभर लुकलुकू लागला की फोनच्या ब्लूटूथ यादीतून निवडा. प्लेस्टेशन ५ च्या कंट्रोलरवर 'क्रिएट' आणि 'पीएस'. एक्सबॉक्सच्या ब्लूटूथ कंट्रोलरवर वरच्या कडेचं छोटं जोडणीचं बटण तीन सेकंद दाबा. आयफोनला यांतले प्लेस्टेशन ४ आणि एक्सबॉक्सचे कंट्रोलर आयओएस १३ पासून (२०१९) चालतात. कंट्रोलर फोनलाच जोडायचा, टीव्हीला नाही. गेम फोनवर चालू आहे. टीव्ही फक्त पडदा आहे.

ब्लूटूथ २.४ गीगाहर्ट्झवर चालतं. मिररिंगही त्याच पट्ट्यात असेल तर बटण दाबलेलं मधूनच हरवतं. मिररिंग ५ वर न्या, फोन आणि कंट्रोलर यांच्यातलं अंतर दोन मीटरांच्या आत ठेवा.

बिघाड आणि त्यांची कारणं

यादीत टीव्हीच दिसत नाही: पद्धती जुळत नाहीत, किंवा नेटवर्क वेगळं आहे. राउटरचं 'गेस्ट' नेटवर्क उपकरणांना एकमेकांपासून लपवतं. मुख्य नेटवर्कवर या. फोनवर व्हीपीएन चालू असेल तर बंद करा. आयफोनवर एखाद्या ॲपमधून कास्ट करत असाल तर त्याला 'लोकल नेटवर्क'ची परवानगी हवी. हे सगळं ठीक असेल तर टीव्हीची वीज बंद करून मिनिटभराने परत चालू करा. रिमोटने बंद केलेला टीव्ही पूर्ण बंद होत नाही, म्हणून वीज काढणं महत्त्वाचं.

सुरुवातीला छान, वीस मिनिटांनी अडखळतं: फोन तापला. गेम चालवणं, त्याचा व्हिडिओ बनवणं, वाय-फायवर पाठवणं आणि चार्जिंग, चारही कामं एकदम चालू आहेत. फोन स्वतःला वाचवायला वेग कमी करतो. कव्हर काढा, गेमचे ग्राफिक्स एक पायरी खाली आणा, स्क्रीनचा उजेड कमी करा, शक्यतो आधी चार्ज करून घ्या आणि खेळताना जलद चार्जिंग बंद ठेवा. फोन गादीवर किंवा उशीवर ठेवू नका.

चित्र मध्येच जातं: केबल असेल तर अडॅप्टर सैल आहे, किंवा बॅटरी कमी असल्याने फोन त्याला पुरेशी वीज देत नाही, चार्जर लावा. वायरलेस असेल तर फोनची स्क्रीन आपोआप बंद होऊ देऊ नका, टायमआउट वाढवा. बॅटरी सेव्हर बंद ठेवा, तो मागे चालणारी मिररिंग मारतो.

आवाज चित्राच्या मागे: टीव्हीला साउंडबार जोडला असेल तर तो काढून टीव्हीच्या स्पीकरवर ऐकून बघा. फरक पडला तर टीव्हीच्या ध्वनी सेटिंगमध्ये 'पीसीएम' निवडा, साउंडबारचा प्रक्रियेचा वेळ कमी होतो.

ओएलईडी टीव्हीवर तासन्‌तास एकच गेम खेळत असाल तर कोपऱ्यातल्या न हलणाऱ्या बटणांचा ठसा राहू शकतो. मधूनमधून गेम बदला आणि टीव्हीचं पडद्याच्या संरक्षणाचं सेटिंग बंद करू नका.

सुरू करण्याआधी आणि संपल्यावर

पूर्ण स्क्रीनच्या मिररिंगमध्ये फोनवर येणारं सगळं टीव्हीवर जातं: निरोप, ओटीपी, बँकेच्या सूचना. खेळायला बसण्याआधी 'डू नॉट डिस्टर्ब' लावा. फोन आला तर गेम मागे जाईल, म्हणून ऑनलाइन सामन्याआधी कॉलही थांबवून ठेवा.

टीव्हीला ओळखू येईल असं नाव द्या. मोठ्या इमारतीत यादीत एकाच मॉडेलची तीन-चार नावं दिसतात, आणि चुकून दुसऱ्याच्या टीव्हीवर तुमची स्क्रीन जाऊ शकते. टीव्हीच्या मिररिंग सेटिंगमध्ये 'प्रत्येक वेळी विचारा' हा पर्याय चालू ठेवला की बाहेरचं कोणी तुमच्या पडद्यावर येत नाही.

संपल्यावर आधी फोनवरून मिररिंग थांबवा, मग टीव्ही बंद करा. नुसता टीव्ही बंद केला तर काही फोन जोडणी शोधत राहतात आणि बॅटरी खातात. लॅपटॉपच्या वाटेने खेळला असाल तर 'यूएसबी डीबगिंग' परत बंद करा. ते चालू राहिलं तर तुम्ही परवानगी दिलेल्या संगणकांना फोनच्या आतवर पोहोचता येतं, आणि बँकेची काही ॲप ते चालू दिसलं की उघडायलाच नकार देतात.